ओळंब्याने बांधलेली कोंबड्यांची न्हाणी

गवंड्याला सगळे 'ओळंबा' म्हणत, भिंतीचा सरळपणा तपासायला दोरीला लटकवतात त्या वजनावरून. चाळीस वर्षं भिंती सरळ करून तो घरी बसला, पण वाकडं काही दिसलं की अजून त्याला राहवायचं नाही. कुणाकडे पाहुणा म्हणून गेला तर चहा यायच्या आत त्यांच्या भिंतीवरचे फोटो सरळ करून मोकळा व्हायचा.

घरी बसल्यावर त्याने चार कोंबड्या पाळल्या. त्याचा जीव कोंबड्यांवर, बायकोचा गुलाबांवर. पिसांतले किडे झाडायला कोंबड्यांना कोरड्या धुळीत लोळावं लागतं, आणि परसातली सगळ्यात भुसभुशीत माती नेमकी गुलाबांच्या बुडाशी! तिसरं रोप आडवं झालं तेव्हा बायकोने निकाल दिला.

"अहो, रविवारी माझा भाऊ येतोय. तोवर तुमच्या महाराण्यांच्या आंघोळीची वेगळी सोय करा. नाहीतर चौघी त्याच्या टोपलीत."

"अगं, तो खाईल त्यांना!"

"मग लागा कामाला."

ओळंबा लागला. विटांचा बुटका हौद बांधला, पावसासाठी वर खांबांवर पत्रा टाकला, आत चाळलेली माती, वाळू आणि राख भरली. इथवर सगळं झकास. पण भरलेला माल बघून त्याचे हात ऐकेनात. त्याने तो ठोकला, थापीने घोटला, लेव्हल लावून तपासला आणि सवयीने वर दोन दिवस पाणीही मारलं.

शनिवारी कोंबड्या आल्या. गुळगुळीत जमिनीवरून टकटक चालत पलीकडे उतरल्या आणि थेट गुलाबांकडे गेल्या.

"नवीन आहे ना, लाजताहेत," ओळंबा म्हणाला.

"लाजताहेत कसल्या! यावर मी नाचून दाखवीन. अहो, न्हाणी करायची होती, तुम्ही फरशी केलीत!"

रविवारी सकाळी ओळंब्याने डोळे मिटून स्वतःच्याच कामावर कुदळ घातली. ओली ढेकळं उपसून टाकली आणि कोरडी माती, वाळू, राख नुसती ओतली. ढीग वेडावाकडा पडला. त्याचा हात थापीकडे गेला, तर बायको थापीवरच बसलेली.

"हात लावून तर बघा!"

तेवढ्यात टोपली घेऊन मेव्हणा परसात आला. "काय दाजी, निघायचं का मंडळींनी?"

पांढरी कोंबडी हौदाच्या कडेवर चढली. मान तिरकी करून तिने आत बघितलं, एक पाय टाकला आणि धपकन कुशीवर पडली. डोळे मिटले, तंगड्या ताणल्या.

"अरेरे, मेली की हो!" टोपली सावरत मेव्हणा पुढे वाकला.

तशी तिने पंख असे झाडले की त्याच्या इस्त्रीच्या शर्टावर पाव किलो राख बसली. मागोमाग उरलेल्या तिघींनी उड्या घेतल्या. गुलाबांकडे ढुंकून कुणी बघेना. ओळंबा बायकोच्या तोंडाकडे बघत होता.

"टोपली गाडीत ठेवून ये," बायको भावाला म्हणाली, "आणि अंग झटकून मगच घरात पाऊल टाक."