मावशीचा बुधवारचा रस्सा

त्या दोन मजली हॉटेलात वर जपानी जेवण मिळायचं आणि खाली क्रिओल, म्हणजे अमेरिकेच्या दक्षिण किनाऱ्यावरचं झणझणीत जेवण. स्वयंपाकघरं दोन, आचारी वेगळे, भांडीसुद्धा वेगळी. मासे साफ करायचा ओटा मात्र एकच, जिन्याखाली, आणि तिथे एकवीस वर्षं मावशी उभी होती. खवले काढून काढून तिच्या अंगठ्याला घट्टे पडले होते. दुपारी तीनला गिऱ्हाईक ओसरलं की चौदा कामगारांचं जेवण करायचं, तेही तिच्याच गळ्यात पडलं होतं.

एका बुधवारी वरून अर्धं पातेलं उरलेलं पाणी आलं. समुद्री शेवाळ आणि सुकवलेल्या माशाचे पापुद्रे घालून जपानी आचारी करतात ते. खालून आली थोडी कोळंबी, दोन खेकडे आणि मूठभर शिंपले. यातल्या कुठल्याही एकावर चौदा माणसांचं भागेना. मावशीने तेलात मैदा घेतला आणि खालचे आचारी भाजतात तसा मंद आचेवर पाऊण तास हलवत राहिली, पार चॉकलेटी होईपर्यंत. त्यात कांदा, ढोबळी मिरची, सेलरी, लाल तिखट घातलं. मग वरचं पाणी ओतलं, मासळी सोडली आणि गॅस बंद केल्यावर मिसो कालवला, आंबवलेल्या सोयाबीनचा तो खारट गोळा.  त्या दिवशी पातेलं पुसून निघालं. पुढे दर बुधवारी तोच रस्सा व्हायला लागला.

मग नवे शेफसाहेब आले. दोन्ही स्वयंपाकघरं त्यांच्या हाताखाली. बुधवारी त्यांनी पातेल्यात डोकावून नाक मुरडलं.

"हे काय आहे?"

"रस्सा."

"कुठला? जपानी की क्रिओल?"

"दोन्ही."

"दोन्ही असं काही नसतं, मावशी. याला ना आई ना बाप. ओता मोरीत."

मावशीचा डाव हातातच थांबला. तिची आई एका जातीची, बाप दुसऱ्या जातीचा. दोन्ही घरांनी दारं लावून घेतली होती. हेच वाक्य शाळेच्या पटांगणात, लग्न ठरताना, सासरच्या ओसरीवर, तिने किती वेळा गिळलं होतं. आज गिळवेना.

"आई आहे, बापही आहे," ती म्हणाली. "दोघं तुम्हाला एकत्र बघवत नाहीत, एवढंच."

आणि शेफसाहेबांच्या देखत तिने चौदा वाडगे भरले. पंधरावा त्यांच्यापुढे ठेवला. ते तसेच वर निघून गेले.

दुसऱ्या दिवशी तिच्याकडून चूल काढून घेतली. आता फक्त मासे. घरी लेक वैतागली. "निवृत्तीला चार वर्षं राहिलीत, आई, तुझी. तोंडाला कुलूप लावायला काय जातं?"

"तुझ्या आजीने लावलं असतं तर मी जन्माला आले नसते," मावशी म्हणाली आणि चहा गाळायला लागली. लेकीला हसू आलं, पण तिने ते दाखवलं नाही.

रस्सा बंद झाल्याची कामगारांची कुरकुर हॉटेलच्या मालकीणबाईंच्या कानावर गेली. त्यांनी मावशीला बोलावून रस्सा करायला लावला, उभ्या उभ्या दोन वाडगे संपवले आणि म्हणाल्या, "हा गिऱ्हाइकांना देऊ. शेफसाहेब करतील, 'शेफची खासियत' म्हणून. तुम्ही प्रमाण लिहून द्या."

"नाही देणार."

"मावशी, हट्ट कशाला?"

"करायचा तर मीच करेन, आणि पाटीवर माझं नाव लिहायचं. नाहीतर मासे आहेतच की साफ करायला."

शेफसाहेबांनी आपल्या अंदाजाने करून पाहिला. मैदा घाईत भाजला, मिसो घालून खळखळ उकळला. तीन आठवड्यांत गिऱ्हाइकांनी मागणं सोडलं. या काळात मावशी ओट्यापाशी खेकडे फोडत होती. कुणी विचारलं तर म्हणायची, "मला काय माहीत? मी मासेवाली."

शेवटी मालकीणबाई स्वतः जिन्याखाली आल्या. पाटीवर खडूने लिहिलं गेलं: मावशीचा रस्सा, फक्त बुधवारी.

पहिल्याच बुधवारी एका जाणकार गृहस्थांनी वाडगा परत पाठवला. म्हणे, अस्सल नाही. वेटर कावराबावरा झाला. मावशी ओले हात पदराला पुसत स्वतः टेबलापाशी गेली.

"साहेब, खारट झालाय का? कच्चा आहे?"

"तसं नाही. पण हे नेमकं कुठलं म्हणायचं?"

"इथलं. जिन्याखालचं," ती म्हणाली. "नको असेल तर दुसरं काही मागवा. यात मी बदल करणार नाही."

गृहस्थांनी भात आणि तळलेला मासा मागवला. तो मासाही मावशीनेच साफ केलेला होता. परत आलेला वाडगा तिने गरम केला आणि जिन्याच्या पायरीवर बसून, सगळ्यांच्या येण्याजाण्याच्या वाटेत, सावकाश जेवली.