शून्याला किंमत नसते!

खानावळ चालवली की भांडी साचतात आणि किस्सेही साचतात. भांडी घासून मोकळं होता येतं. किस्से मात्र माझ्या डोक्यात अजून खरकटेच पडलेत. त्यातले निम्मे एकट्या वसंताचे!

वसंता म्हणजे माझ्या बायकोचा धाकटा भाऊ. निपाणीहून बंगलोरला आला आणि आमच्या मल्लेश्वरमच्या खानावळीत गल्ल्यावर बसला. नेमके तेव्हाच आणे जाऊन नये पैसे आले! मी चौथी नापास, पण आण्यांत मला कुणाच्या बापानं फसवलं नव्हतं. नये पैशांत वसंताचा हिशेब रोज चुकायचा आणि मी रोज ओरडायचो, "याला उठवतो आणि भांड्यांना बसवतो!"

बायको म्हणायची, "अहो, त्याचं लग्न व्हायचंय. भांडी घासणाऱ्याला मुलगी कोण देईल? तोवर राहू द्या की गल्ल्यावर."

राहू दिला. भोगलं!

*

सुरुवातीला आणे आणि नये पैसे दोन्ही चालायचे. कॉफी दोन आणे, म्हणजे तक्त्याप्रमाणे बारा नये पैसे. चार कॉफ्या आठ आणे, म्हणजे पन्नास. जवळच्या फॅक्टरीतले चार इंजिनीअर रोज एकत्र यायचे, एकत्र प्यायचे आणि पैसे वेगवेगळे द्यायचे. बारा चोक अठ्ठेचाळीस. दोन पैसे वाचले!

"सरकारी तक्ता आहे, अण्णा," त्यातला एक हसून म्हणाला.

"बरं! उद्यापासून साखरही तक्ता बघूनच घालतो!"

*

पुढे ताटाचा दर केला एक रुपया पाच पैसे. वसंता बिलावर लिहायचा १.५. निम्मी गिऱ्हाइकं दीड रुपया समजून भांडायला उठायची.

"अरे, मधलं शून्य कुठं गेलं?"

"शून्याला किंमत नसते ना, दाजी? मग लिहायचं कशाला?"

"तुझा पगार तीस रुपये. त्यातलं शून्य काढतो, मग सांग किंमत!"

*

भाजीवालीचे कांदे-बटाटे झाले २.७५, कोथिंबीर बारा पैसे. या शहाण्यानं दोनाखाली बारा मांडले आणि टोटल काढली १४.७५! भाजीवाली खूश. "सरी, सरी, बरोबर अण्णा!" म्हणत तिनं लगेच हात पुढे केला.

"बारा रुपयांत कोथिंबिरीचा मळा येईल रे, गाढवा!"

"मग मळाच घेऊ या का?"

*

शेवटी माझ्या मुलीचं गणिताचं पुस्तक आणून त्याला शिकवायला बसलो. एका माणसानं चाळीस आंबे तीस रुपयांना घेतले, तर एक आंबा केवढ्याला? वसंताचं उत्तर, पंच्याहत्तर रुपये!

"तीस रुपयांत चाळीस आणि एक पंच्याहत्तरला? असला आंबा कोण खातो?"

"गणितातला माणूस आहे, दाजी. श्रीमंत असेल."

*

मग एका रविवारी वसंताला बघायला मुलीचे वडील आले, मुलीला घेऊनच. मुलगी सुशीला. वडील फॅक्टरीत अकाउंट्सला! बायकोनं देवाला हात जोडले. मी भांड्यांच्या मोरीकडे बघून घेतलं.

"पाहुणा म्हणून नको, गिऱ्हाईक म्हणून जेवतो," पाहुणे म्हणाले. दोघं जेवली आणि बिल मागितलं. गल्ल्यापुढे ही रांग! वसंताला घाम फुटला. त्यानं १.५ लिहिलं, त्याखाली पुन्हा १.५ आणि खाली बेरीज २.१०.

पाहुण्यांनी चष्मा चढवला. "दीड आणि दीड तीन होतात. दोन-दहा कसे?"

"पण काका, दोन रुपये दहाच होतात ना?"

पाहुणे तोंडातल्या तोंडात पुटपुटले. बोटं मोजली. भिंतीवरचा ताटाचा दर वाचला, परत बिल बघितलं. "रक्कम बरोबर आहे," ते रडकुंडीला येऊन म्हणाले, "पण बेरीज चूक आहे! अशा माणसाला मी मुलगी..."

सुशीलानं त्यांच्या हातून बिल घेतलं. वसंताच्या कानावरची पेन्सिल काढली. दोन्हीकडे मधे शून्य घातलं आणि रांगेतल्या पुढच्या माणसाचं बिल ओढलं.

"सुशीले, चल, बस निघेल," पाहुणे म्हणाले.

"तुम्ही व्हा पुढे, अप्पा," ती म्हणाली. मग वसंताकडे वळली.

"सरका जरा!"