देवांग वाकणकरचा वळणारा चेंडू

देवांग वाकणकर डावखुरा. आईने, शोभनाताईंनी, हट्टाने त्याला उजव्या हाताने जेवायला शिकवलं, पण बेसबॉलचा चेंडू मात्र तो डाव्यानेच फेकायचा. अमेरिकेतल्या ट्रॉय गावात त्यांच्या घरामागच्या भिंतीवर तो तासन् तास चेंडू मारत बसे. असंच खेळता खेळता त्याला एक चेंडू सापडला. बॅटवाल्याच्या छातीशी येतोय असं वाटेपर्यंत तो सरळ यायचा आणि शेवटच्या क्षणी वळून गुडघ्याखाली कोसळायचा. कोणी शिकवला नव्हता. त्याचा त्यालाच आला होता.

वडील मोरेश्वर मोटारींच्या ब्रेकचे इंजिनिअर. घरात बेसबॉलचं ओ की ठो कोणाला कळत नव्हतं. मंडळाच्या गणपतीत कोणी देवांगची चौकशी केली की मोरेश्वर म्हणत, "खेळतोय अजून. येईल वळणावर."

कॉलेज संपताना एका मोठ्या टीमने देवांगला निवडलं, तेही नवे खेळाडू निवडण्याच्या अगदी शेवटच्या फेऱ्यांत. मोठ्या लीगपर्यंत पोचायचं तर आधी मायनर लीगच्या पायऱ्या चढाव्या लागतात. तिथे रात्रभराचा बसप्रवास, चौघांत एक खोली, जमिनीवर गादी आणि रोज तेच गार सँडविच. देवांगला त्याचं काही वाटलं नाही. वाटलं ते पहिल्याच आठवड्यात. त्याने तो वळणारा चेंडू टाकला, बॅटवाला हवेत बॅट फिरवून गुडघ्यावर आला, सगळे हसले, आणि चेंडू टाकणाऱ्यांना शिकवणारा पिचिंग कोच मैदानात चालत आला.

"वॅक," तो म्हणाला. वाकणकर कोणालाच म्हणता येत नव्हतं. "इथे सर्कस नको. फास्टबॉल टाक, आणि खाली टाक. त्यांना जमिनीवर मारू दे."

मोठ्यांचं ऐकावं, हे वाकणकरांच्या घरचं वळण. देवांगने ऐकलं. सात वर्षं तो खाली टाकत राहिला. कधी चेंडू जमिनीवरून घरंगळत फील्डरच्या हातात जायचा, कधी दोघांच्या मधून निघून जायचा. पायऱ्या चढत तो डबल-एपर्यंत पोचला. वर आणखी एक पायरी होती आणि तिच्या वर मोठी लीग. तिथेच तो अडकला. एका दुपारी मॅनेजरने त्याला खोलीत बोलावून दार लावून घेतलं.

"तुझ्याबद्दल तक्रार काहीच नाही, वॅक. जे जे सांगितलं ते सगळं तू केलंस."

बॅग भरून त्याने घरी फोन केला. मोरेश्वर म्हणाले, "सुटलास एकदाचा. आता मास्टर्सचं बघ."

त्याने मास्टर्सचं बघितलं नाही. त्याच टीमने पुढे त्याला सगळ्यात खालच्या पायरीवर कोच म्हणून घेतलं, आणि नव्या पोरांना तोही सांगू लागला, "खाली टाका."

मग केदार आला. मूळचा नागपूरचा, वागायला गोड, क्रिकेटवेडा, आणि जन्मात कधी बेसबॉल न फेकलेला. टीमने मैदानाभोवती कॅमेरे बसवले होते. त्यांतून निघणारे आकडे वाचायला त्याला नेमलं होतं. देवांगचं आडनाव वाचताच तो पळत भेटायला आला. "देवांगदादा, इथे मराठी माणूस! यार, विश्वास नाही बसत."

एका सकाळी कॅमेरे तपासायला कोणीतरी चेंडू टाकायला हवा होता. पोरं अजून आली नव्हती. देवांगने चार फास्टबॉल टाकले. वेग कधीच गेला होता. शेवटी सहज, गंमत म्हणून, त्याने तो जुना चेंडू टाकला.

केदार स्क्रीनवरून मान वर करेना. "दादा, तोच परत टाका."

देवांगने टाकला.

"दादा, हा चेंडू जितका फिरतोय ना, तितका आपल्या कुठल्याच टीममध्ये कोणाचा फिरत नाही. वरच्यांचासुद्धा नाही. मॅचमध्ये किती टाकायचात तुम्ही?"

"टाकू देत नव्हते."

"काय सांगता! आणि तुमचा फास्टबॉलही खाली टाकायचा नाहीच आहे, तो वर टाकायचा. वर फास्टबॉल, मग हा. आज तुम्ही बावीस वर्षांचे असता तर..." केदार खरोखरच खूश होऊन बोलत होता. देवांगने ग्लव्ह काढला, बेंचवर ठेवला आणि पोरांच्या सरावाची तयारी करायला गेला. त्या दिवशी त्याने एकाही पोराला काही सांगितलं नाही. सांगण्यासारखं काही उरलं आहे की नाही, हेच त्याला कळत नव्हतं.

सीझन संपला आणि गणपती आले. "त्या मुलाला जेवायला घेऊन ये," मोरेश्वर म्हणाले. मंडळात त्यांनी केदारच्या खांद्यावर हात ठेवून सगळ्यांना सांगितलं, "हा केदार. बेसबॉलमध्ये आहे, डेटा सायन्स करतो." लोकांनी कौतुकाने त्याच्याभोवती कोंडाळं केलं. देवांग प्रसादाची प्लेट घेऊन मागे उभा होता.

घरी पानावर बसल्यावर केदार भाबडेपणाने म्हणाला, "काका, खरं सांगू? दादांचा चेंडू मोठ्या लीगचा होता. त्यांना चुकीचं शिकवलं गेलं."

मोरेश्वरांनी घास खाली ठेवला आणि देवांगकडे पाहिलं. "मग तेव्हा बोलला का नाहीस तू?"

"बाबा, आय वॉज ट्वेंटी-टू."

"बावीस म्हणजे काय लहान होतास?"

शोभनाताई लगबगीने उठल्या. "केदार, श्रीखंड वाढू ना थोडं?"

महिनाभराने टीमचा फोन आला. पुढच्या वर्षी आकडे वाचता येणारे कोच हवे होते. देवांगचं नाव त्यांत नव्हतं. केदारला वरच्या पायरीवर बढती मिळाली. त्याने लांबलचक मेसेज पाठवला, मनापासून. देवांगने 'थँक्स, मॅन' इतकंच लिहिलं.

आता तो ट्रॉयजवळच्या एका शाळेच्या टीमला शिकवतो. वसंतातसुद्धा तिथे बोटं गारठतात. परवा सरावानंतर एका मुलीचे वडील थांबले. पुण्याहून आलेले, आयटीतले.

"तुम्ही स्वतः कुठपर्यंत पोचला होतात?"

"डबल-ए."

"म्हणजे टीव्हीवर दाखवतात ते?"

"नाही," देवांग म्हणाला. "ते नाही."

"अच्छा," ते गृहस्थ म्हणाले, आणि मुलीला हाक मारत गाडीकडे वळले. देवांग खाली वाकून एकेक चेंडू बादलीत टाकू लागला.