हॉलंडात चालतं म्हणजे काय

२००७च्या उन्हाळ्यात फ्रीमाँटमधल्या आमच्यासारख्या घरांत दुसरा विषयच नव्हता. ग्रीन कार्डासाठी अर्ज करायच्या तारखा अचानक सगळ्यांसाठी खुल्या झाल्या होत्या आणि पुन्हा कधी बंद होतील याचा नेम नव्हता. वर्षानुवर्षं रांगेत ताटकळलेले लोक एकदम धावत सुटले. अर्जासोबत सरकारमान्य डॉक्टरकडून तपासणी लागायची. जवळपासच्या डॉक्टरांच्या वेळा भरल्या म्हणून काही जण सॅक्रामेंटोपर्यंत ड्राइव्ह करून जात होते.

माझ्यापेक्षा बायकोला घाई जास्त होती, आणि ते रास्तच होतं. ती नागपूरची, मायक्रोबायॉलॉजीत एम.एस्सी. माझ्या व्हिसावर आली म्हणून तिला इथे नोकरी करता येत नव्हती. लग्नाआधी कमावती असलेली बाई साध्या पर्ससाठी मला विचारायची, आणि मी ‘अगं विचारतेस काय, घे ना’ म्हणायचो तेव्हा तिचा चेहरा पडायचा. मिल्पिटासमधल्या एका लॅबनं तिला शब्द दिला होता: कामाचं परमिट आलं की या, जागा थोडे दिवस धरून ठेवतो. अर्ज दाखल झाला की परमिट काही आठवड्यांत मिळणार होतं. सगळं त्या अर्जावर अडलेलं होतं.

आमचे डॉक्टर वयस्क गुजराती गृहस्थ होते. गर्दी इतकी, की ते नवरा-बायकोला जोडीनंच आत घेत. लसी, क्षयाची चाचणी, ऑपरेशनं, सगळं मान वर न करता विचारून झालं. मग म्हणाले, “ड्रग्ज? एव्हर?”

मी म्हणालो, “एकदाच. ॲमस्टरडॅमला. केक खाल्ला होता, गांजाचा.”

ॲमस्टरडॅमला मी काही महिने प्रोजेक्टवर होतो. शेवटच्या आठवड्यात टीममधली मुलं एका कॉफी शॉपमध्ये घेऊन गेली. “इथे लीगल आहे यार, टेन्शन काय घेता,” असं एकजण म्हणाला. मी निम्मा केक खाल्ला, हॉटेलवर जाऊन झोपलो, संपलं. लहानपणी कांजिण्या झाल्या होत्या हे जसं सांगितलं, तसंच मी हेही डॉक्टरांना सांगितलं.

त्यांचं पेन थांबलं. त्यांनी बायकोकडे पाहिलं. “और आप, बेटी?”

“नो,” ती म्हणाली.

“बेटा,” डॉक्टर मला म्हणाले, आणि त्यांना खरंच वाईट वाटलेलं दिसत होतं, “आता तू बोललास. माझी सही आहे, मला लिहावंच लागेल.” त्यांनी लिहिलं आणि व्यसन नसल्याचं मानसोपचारतज्ज्ञाचं पत्र आणायला सांगितलं.

गाडीत बसल्यावर तिनं दार आपटलं.

“तुला वेड लागलंय का? कोणी सांगितलं होतं बोलायला?”

“त्यांनी विचारलं ना.”

“ड्रग्ज विचारलं होतं! केक नाही विचारला!”

मग मीही चिडलो. “आणि तुझं काय? महाशिवरात्रीला तुमच्याकडे भांग व्हायची ना? तूच सांगायचीस, काकांच्या हातची म्हणून.”

“ए, तो प्रसाद होता. देवापुढे ठेवून मग आम्हाला द्यायचे, घोटभर. बनारसला तर सरकारी दुकानात मिळते भांग. शंकराचा प्रसाद मी त्या माणसाला ड्रग म्हणून सांगू? तू सांगशील म्हणा. तुझा भरवसा नाही.”

मी गाडी सुरू केली. तिच्या मनात खोटेपणा नव्हता, हे मला तेव्हाही कळत होतं.

कंपनीच्या वकीलबाईंना फोन केला. त्यांच्या टेबलावर त्या महिन्यात शेकडो फायली होत्या. त्या म्हणाल्या, “मला एवढंच सांगा. ज्या देशात खाल्लंत, तिथे तो गुन्हा आहे का? नसेल तर मी दोन ओळींत मिटवते. असेल तर तुमची फाइल मी अशी पाठवणार नाही. सरकारनं विचारलं तर द्यायचं उत्तर आधी तयार हवं.”

सोपा प्रश्न वाटला. रॉटरडॅमला माझा एक जुना डच सहकारी होता. त्याला फोन लावला.

“बंदी आहे,” तो म्हणाला.

“पण तुमच्याकडे दुकानं आहेत!”

“आहेत. बंदी आहे, पण थोडं असेल तर पकडत नाहीत. तसं धोरणच आहे.”

“म्हणजे कायदेशीर आहे?”

“छे. कायदेशीर नाही. चालतं.”

त्यानं समजावून सांगितलं. दुकानदारानं पुढच्या दारानं थोडं विकलं तर सरकार बघत नाही. पण मागच्या दारानं माल आणणं हा सरळ गुन्हा.

“मग दुकानात माल येतो कुठून?”

“ते आम्ही विचारत नाही,” म्हणून तो हसला. मला हसू आलं नाही. मी इतक्या जोरात रिसीव्हर ठेवला की बायको स्वयंपाकघरातून बघायला आली. पुढे त्या भल्या माणसाला माफीचा मेल पाठवावा लागला.

हे सगळं ऐकून वकीलबाई म्हणाल्या, “म्हणजे गुन्हा.”

“पण पकडत नाहीत.”

“पकडतात का, हे मी विचारलंच नव्हतं.”

“खाणं गुन्हा नाही, असं तो म्हणतो. जवळ बाळगणं गुन्हा.”

“खाण्याआधी हातात घेतला होता ना?”

त्याच दिवसांत माझा ऑफिसातला मॅनेजर पाठदुखीसाठी डॉक्टरची चिठ्ठी दाखवून ओकलंडच्या दुकानातून गांजाच विकत आणायचा आणि लंचला सगळ्यांना सांगायचा. राज्याला ते चालायचं, केंद्राला चालायचं नाही. पण तो इथेच जन्मलेला. त्याला कोण विचारणार?

मानसोपचारतज्ज्ञाची वेळ सप्टेंबरातली मिळाली. तारखा ऑगस्टमध्येच बंद झाल्या. आमची फाइल वकीलबाईंच्या कपाटात राहिली. शेजारपाजारच्या बायकांची परमिटं येऊ लागली, त्या पेढे घेऊन यायच्या, आणि बायको त्यांना चहा करून द्यायची.

लॅबचा फोन आला तेव्हा मी घरीच होतो. ती नीट, सावकाश इंग्रजीत बोलली. शेवटी “नो, आय अंडरस्टँड, थँक यू” म्हणाली आणि कुकर लावायला उठली.

लोक म्हणतात, खरं बोलल्याचा पश्चात्ताप करू नये. मी करतो. त्या खोलीत मी उत्तर दिलं ते खरेपणानं, की आपण खोटं बोलत नाही याचा मला अभिमान होता म्हणून, हे मला आजही ठरवता येत नाही. एवढं मात्र कळतं, की माझ्या त्या एका उत्तराची किंमत तिनं भरली, आणि उत्तर देण्याआधी मी तिच्याकडे वळूनसुद्धा पाहिलं नव्हतं.

तारखा अजून उघडलेल्या नाहीत. उघडतील तेव्हा तपासणी नव्यानं करावी लागेल, असं वकीलबाई म्हणतात. परवा मी बायकोला म्हणालो, “पुन्हा विचारलं तर काय सांगू, तूच सांग.”

ती कपड्यांच्या घड्या घालत होती. “मला नको विचारूस,” ती म्हणाली. “मी खोटं बोल म्हणाले, हेही तू उद्या कुणाला तरी सांगशील. मी त्या वेळी बाहेर बसेन. मला ऐकायचंच नाही.”