चपला मोजणारा शेजारी

सुमंत आढाव विमानांचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात एकतीस वर्षं तपासनीस होते. दुसऱ्यानं ‘एकदम ओके’ म्हणून पाठवलेला भाग हातात घ्यायचा आणि त्यात खोट कुठे आहे ते शोधायचं, याचाच त्यांना पगार मिळायचा. निवृत्त होऊन चार वर्षं झाली तरी सवय काही गेली नाही. दुधाची पिशवी, डॉक्टरची चिठ्ठी, शेजाऱ्याचं हसू, सगळं ते एकदा उलटून पाहत. शेजाऱ्याचं हसू जरा जास्तच वेळ पाहत.

याचा सगळा दोष कारखान्याला देता येणार नाही. मूळ दुखणं राहुरीकडचं होतं. आजोबांनी ख्रिस्ती धर्म घेतला, पण मुलाचं नाव ठेवताना जीभ जुन्याच वळणावर गेली, आणि ख्रिस्ती घरात सुमंतचे वडील खंडोजी आढाव जन्माला आले. पुढे ते मिशनच्या शाळेत मास्तर झाले. या खंडोजीमास्तरांनी सुमंतला लहानपणीच शिकवून ठेवलं होतं की माणसं दोन प्रकारची असतात, मंडळीतली आणि जगातली. मंडळी म्हणजे आपल्याबरोबर प्रार्थनेला बसणारी, आणि जगातली म्हणजे उरलेली सगळी. जगातल्यांशी गोड राहावं, त्यांच्या अडीअडचणीला धावावं, पण त्यांच्या देवापुढचं खाऊ नये. आणि ते खाऊ घालायला बघणारच, तेव्हा सावध असावं.

सुमंत या नावावरून आणि आढाव या आडनावावरून बंगळुरात कुणाला काही कळत नसे. कळलं की समोरच्याच्या चेहऱ्यावर अर्धा क्षण काहीतरी थबके आणि मग तो म्हणे, “हो का? वाटत नाही हो!” तो अर्धा क्षण सुमंतरावांनी शेकडो वेळा पाहिला होता आणि दर वेळी त्यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली होती. नेमकं काय वाटायला हवं होतं, हे मात्र कुणी सांगत नसे.

येलहंक्यातल्या त्यांच्या फ्लॅटसमोर पुरुषोत्तमराव आणि कस्तुरीअक्का राहत. घराणं शहाजीराजांच्या काळापासून इथलं. घरात मराठी टिकलेली, पण ती कानडीच्या इतक्या पाण्यात मुरलेली की पहिल्यांदा ऐकताना सुमंतरावांना अर्धीच कळली. राहायला आले त्याच वर्षी गणपतीत अक्का डबा घेऊन दारात उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, “कडबू आणलंय, खावा.” आपल्याला गुरांचा कडबा का देतायत, या विचारात सुमंतराव क्षणभर पडले. डब्यात गुळखोबऱ्याच्या करंज्या होत्या. त्यांनी डबा दोन्ही हातांनी घेतला, थँक्यू म्हटलं, दार लावलं, आणि दुसऱ्या दिवशी फिरायला जाताना त्या करंज्या तळ्यातल्या माशांना घातल्या.

तेव्हापासून बावीस वर्षं हेच चाललं होतं. गणपती, गौर, संक्रांत, श्रावणातले शनिवार. अक्का डबा देत, सुमंतराव घेत, मासे खात. त्यांची बायको क्षमा सुरुवातीला म्हणाली होती, “अहो, अन्न आहे, आपल्या कामवालीला तरी द्या.” पण आपण जे खाणार नाही ते गरिबाला द्यायचं, हे त्यांना पटलं नाही. अक्कांना स्पष्ट ‘नको’ म्हणायचं धाडसही झालं नाही. धुतलेला डबा ते परत नेऊन देत आणि “फार छान होतं हं अक्का” असं म्हणत. खोट्या मालावर कधी सही न केलेल्या माणसाचं हे एवढंच खोटं होतं, आणि तेही शेजार राखण्यासाठी, असं त्यांनी स्वतःला समजावलं होतं.

आता शनिवारच्या सभेबद्दल सांगायला हवं. रविवारी आढाव नवराबायको जवळच्या चर्चला जात, पण तिथली उपासना कानडीत. तिथे क्षमाबाई तोंड मिटून बसत. “मला देवाशी कानडीत बोलता येत नाही,” त्या म्हणत, आणि म्हणताना त्यांचे डोळे भरत. म्हणून सहा वर्षांपूर्वी त्यांच्या घरी दर महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी मराठी प्रार्थना सुरू झाली. कुणी के. आर. पुरमहून येई, एक कुटुंब तर थेट आनेकलहून दोन बस बदलून. पेटी, ढोलकी, चार भजनं, प्रार्थना, पोहे. आठच्या आत सगळं आटपे. महिनाभर क्षमाबाई त्या दोन तासांवर जगत.

श्रावण लागला त्या आठवड्यात, गुरुवारी, इमारतीच्या ग्रुपवर सेक्रेटरी रघुपती यांचा मेसेज आला. आढाव यांच्या घरी बाहेरची माणसं जमवून धार्मिक सभा होतात, तिथे धर्मांतर चालतं अशी रहिवाशांना शंका आहे, तशी लेखी तक्रार आली आहे. रविवारी अकरा वाजता सर्वांनी खाली हॉलमध्ये जमावं. घरांमध्ये अशा सभांना बंदी घालावी का, यावर हात वर करून मत घेतलं जाईल.

क्षमाबाईंनी तो मेसेज वाचला आणि फोन उलटा ठेवला. “आता हेही जाणार का हो?” एवढंच त्या म्हणाल्या.

सुमंतराव तपासाला लागले. तक्रार कुणाची? पहिला संशय वरच्या मजल्यावरच्या शंतनुवर. पुण्याहून आलेला, आयटीतला, लिफ्टमध्ये गोड गोड बोलणारा. “काका, संडेला एवढं टिपटॉप कुठे? ब्रंच वगैरे का?” असं त्यानं एकदा विचारलं होतं. चर्चला, म्हटल्यावर तोच तो अर्धा क्षण, आणि मग “ओह, नाइस!” त्या नाइसमध्ये काहीतरी होतं. रघुपतींचाही संशय येत होता, कारण ते फार सभ्य होते. शुक्रवारपर्यंत सुमंतरावांना लिफ्टमध्ये भेटणारा प्रत्येक जण तक्रारदार वाटू लागला.

शनिवारी लोक आले. तक्रारीचं कळलं होतं, तरी सगळे आले. चपला दाराबाहेर, नेहमीसारख्या. पहिलं भजन संपत आलं तेव्हा बाहेर कुणीतरी पुटपुटल्यासारखं सुमंतरावांना वाटलं. ते उठले आणि दाराच्या भिंगाला डोळा लावला. बाहेर पुरुषोत्तमराव गुडघ्यावर हात ठेवून वाकले होते आणि बोटानं चपला मोजत होते. “हदिमूरु, हदिनाल्कु, हदिनैदु, हदिनारु.” सोळा जोड. मग ते ताठ झाले, मान हलवली आणि आपल्या घरात गेले.

सुमंतराव भिंगापासून मागे झाले. बावीस वर्षांचा शेजार, सलोखा, ‘या की, स्वल्प बसा की’, आणि हा माणूस त्यांच्या मंडळीची मोजदाद करत होता! त्यांना भयंकर राग आला, आणि खरं सांगायचं तर थोडं बरंही वाटलं. खोट सापडली होती.

अर्ध्या तासानं बेल वाजली. कस्तुरीअक्का, हातात मोठा स्टीलचा डबा. “श्रावणातला शनिवार की. सगळ्यांना द्या.” एरवी चार करंज्यांचा डबा येई. सुमंतरावांनी स्वयंपाकघरात जाऊन झाकण उघडलं आणि मोजल्या. अठरा. बाहेर सोळा जोड, घरातले दोघं. बरोब्बर अठरा.

“बघ,” ते क्षमाबाईंच्या कानात म्हणाले. “सगळ्यांना प्रसाद चारायचा आणि वर आपण किती जण ते लिहून द्यायचं. डबा कुणाला देऊ नकोस. उद्या तो पुरावा आहे.”

“अहो, अक्का तशा नाहीत.”

“तसं कोण असतं तोंडावर?” असं म्हणून त्यांनी डबा कपाटात ठेवला आणि कुलूप लावलं. करंज्यांना कुलूप लावणारा माणूस बंगळुरात तेवढाच असेल.

रविवारी हॉलमध्ये चाळीसेक माणसं होती. सुमंतराव इस्त्रीचा शर्ट घालून, डबा मांडीवर घेऊन पहिल्या रांगेत बसले. क्षमाबाई शेजारी, हातात रुमाल. रघुपतींनी कानडीत आणि मग इंग्रजीत तक्रार वाचून दाखवली. नाव वाचलं नाही. मग म्हणाले, “सर, तुमचा खुलासा.”

सुमंतरावांनी रात्री इंग्रजीत लिहून काढलेला खुलासा खिशातच राहिला. ते उठले ते थेट मागे वळले आणि मराठीतच सुरू झाले. “खुलासा मी कशाला देऊ? यांनी द्यावा! हे पुरुषोत्तमराव. माझ्या दाराबाहेर वाकून चपला मोजत होते. मी डोळ्यांनी पाहिलं. सोळा मोजल्या आणि आत जाऊन अठरा करंज्या पाठवल्या. ह्या बघा. आम्ही कोण, किती, कुठून येतो, हे तुम्हाला कशाला हवं? बावीस वर्षं तोंडावर हसलात, आणि मागून हे?”

अर्ध्या हॉलला शब्द कळले नाहीत, पण आवाज कळला. सगळे पुरुषोत्तमरावांकडे बघू लागले. म्हातारा सावकाश उठला. त्याचा चेहरा असा पडला होता की क्षमाबाईंनी मान खाली घातली.

“मोजलो की, अण्णा,” ते म्हणाले. “हिनंच सांगितली. लांबून येतात लोक, एकाला मिळून एकाला नको व्हायला, नीट मोजून या म्हणाली.” मग ते रघुपतींकडे वळले आणि सर्वांना कळावं म्हणून कानडीत बोलू लागले. सुमंतरावांना आता तेवढं कानडी कळत होतं. सहा वर्षं मी त्या चपला बघतोय, पुरुषोत्तमराव सांगत होते. त्याच चपला. एक अंगठा तुटलेली, एक निळ्या पट्ट्याची, एक लहान पोरीची होती ती आता मोठी झाली. सहा वर्षांत नवा जोड एकही आला नाही. असं कसलं धर्मांतर चालतं हो, ज्यात एक माणूस वाढत नाही?

हॉल हसला. रघुपतीही हसले. सुमंतरावांची कानशिलं तापली, कारण म्हातारा त्यांना वाचवत होता आणि तेही त्यांच्या मंडळीची अशी अब्रू काढून. पण काम झालं. रघुपतींनी हात वर करायला सांगितलं तेव्हा बंदीच्या बाजूनं एकही हात वर आला नाही. तक्रार लिहिणारा त्या चाळिसांतच कुठेतरी बसला होता आणि त्याचाही हात खालीच होता. सुमंतरावांनी एकेक चेहरा पाहिला. शंतनु फोनमध्ये बघत होता. तो होता की नव्हता, ते त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही.

“आणि अण्णा,” पुरुषोत्तमराव खुर्चीवर बसता बसता मराठीत म्हणाले, “प्रसाद नव्हता तो. तुमच्यात चालत नाही, ठाऊक आहे की आम्हाला. हिच्या शाळेतली मैत्रीण तुमच्यातलीच होती. देवाला दाखवायच्या आधीच तुमचं वेगळं काढते ही. पहिल्या वर्षापासून.”

“कधी बोलला नाहीत,” सुमंतरावांच्या तोंडून कसंबसं निघालं.

“त्यात सांगायचं काय?”

माणसं पांगली. कुणी कुणी येऊन सुमंतरावांशी हस्तांदोलन केलं आणि कोणत्या हातानं तक्रार लिहिली असेल, हे त्याही वेळी त्यांच्या मनातून जाईना. क्षमाबाई रडत होत्या. त्यांचा शनिवार वाचला होता.

कस्तुरीअक्का पुढे आल्या. खुर्चीवरचा डबा त्यांनी उघडला आणि आत पाहिलं.

“अठराच्या अठरा आहेत की. खराब झालत्या काय?”

‘उपास होता,’ असं म्हणता आलं असतं. ‘विसरलो,’ असंही. सुमंतरावांनी तोंड उघडलं आणि त्यांना दिसलं की बाई खरोखरच काळजीनं विचारत आहे, सारणात काही चुकलं का म्हणून. मग त्यांना खोटं बोलवेना.

“खाल्ल्याच नाहीत, अक्का. ह्याही नाहीत, आणि आधीच्याही नाहीत. मला वाटलं प्रसाद आहे. मी तळ्यावर नेऊन माशांना घालत आलो.”

“सगळं?”

“सगळं.”

“एकदा पण चाखून बघितला नाहीत?”

“नाही.”

“चल गं,” पुरुषोत्तमराव म्हणाले. पण अक्का हलल्या नाहीत. त्यांचा आवाज चढला नाही. चढला असता तर सुमंतरावांना सोपं गेलं असतं.

“सासू होती तोवर भांडायची माझ्याशी,” त्या म्हणाल्या. “देवाच्या आधी माणसाचं काढतात काय, पाप लागतं, म्हणायची. मी म्हटले, लागू दे, त्यांचा नेम मोडायला नको. बावीस वर्षं देवाच्या आधी तुम्हाला वाढले मी, अण्णा.”

सुमंतरावांनी हात जोडले. एवढ्या वर्षांत त्यांनी कुणा माणसापुढे हात जोडले नव्हते.

अक्कांनी झाकण दाबून बसवलं, डबा काखेत घेतला आणि त्या जिन्याकडे निघाल्या. पहिल्या पायरीवर थांबून म्हणाल्या, “आता पुढच्या शनिवारी आधी देवालाच दाखवते.”