भरे गावातल्या कारखान्याची पाच वर्षं

अठ्ठ्याण्णव साली मी भऱ्याजवळच्या पंपांच्या कारखान्यात कॉस्टिंगला, म्हणजे खर्चाच्या हिशेबाला, लागले. मूळची मी बार्शीची, लग्नानंतर कोथरूडला आलेली. कंपनीची बस चांदणी चौकातून उचलायची आणि भूगाव, पिरंगुट करत कारखान्यात सोडायची. ऑफिसात बाई मी एकटीच. कारखाना मोठ्या साहेबांच्या मालकीचा होता, पण चालवायचे आमचे वर्क्स मॅनेजर. माळ सपाट केला तेव्हापासून ते तिथं होते. पंपाचा आवाज ऐकून त्यातलं काय बिघडलंय ते सांगायचे आणि माणूस उशिरा आला तर घरी काय झालंय ते आधी विचारायचे.

मग चार वर्षांनी मोठ्या साहेबांचे चिरंजीव, धाकटे साहेब, परदेशातून मॅनेजमेंट शिकून आले. पहिल्याच बैठकीत त्यांनी विचारलं, आपली स्ट्रॅटेजी काय आहे? वर्क्स मॅनेजर म्हणाले, आपण पंप करतो. आम्ही हसलो, धाकटे साहेब हसले नाहीत.

महिन्याभरात मुंबईहून सल्लागार आले. पाच वर्षांचा आराखडा करायचं ठरलं आणि त्यासाठी प्लॅनिंग सेल निघाला. आकडे मला पाठ असायचे आणि कॉम्प्युटरवर हात बसलेला होता, म्हणून मला त्यात घेतलं. वेगळी केबिन मिळाली. बार्शीला फोन करून मी ते आईला सांगितलं, इतकी मी खूश होते.

आराखड्याची पहिली बैठक मुळशी धरणाच्या पाण्याकाठी एका रिसॉर्टवर झाली. भिंतीवर रंगीत चिठ्ठ्या चिकटवायच्या, हिरव्यावर आपली बलस्थानं, लालवर धोके. वर्क्स मॅनेजरांनी पहिल्या दिवशी एकही चिठ्ठी लावली नाही, मनानं कारखान्यात मशीनांपाशीच असावेत. दुसऱ्या दिवशी सल्लागारांतल्या एका तरुणानं त्यांना विचारलं, "पाच वर्षांनी हा कारखाना कसा दिसावा असं तुम्हाला स्वतःला वाटतं?"

इतक्या वर्षांत हे त्यांना कुणी विचारलंच नव्हतं. ते उठले आणि बोलत सुटले. शेतकऱ्यांचे जुने पंप दुरुस्त करून देणारा विभाग, मागच्या उतारावर नवी शेड, पंप चालवून तपासायला मोठा टेस्ट बेड, आसपासच्या गावांतल्या मुलांना शिकवून कामावर घेणं. जेवण गार झालं तरी कुणी उठलं नाही. त्या माणसाच्या पोटात एवढं साठलेलं असेल असं मला वाटलं नव्हतं.

पुढचं वर्षभर त्यांनी त्या आराखड्याला वाहून घेतलं. सुट्टीच्या दिवशी नगर, बारामतीच्या डीलरांकडे स्वखर्चानं जाऊन आले. एकेका फोरमनला माझ्या केबिनमध्ये आणून बसवायचे आणि म्हणायचे, तू मला काल जे सांगितलंस ते मॅडमना सांग. युनियनचा सेक्रेटरी भऱ्याचाच. कारखान्याच्या जागेत त्याच्या चुलत्याचं शेत गेलेलं, त्या बदल्यात घरात एक नोकरी आली ती याला. त्यानं मला दारातच अडवून विचारलं, "मॅडम, त्या प्लॅनमधी आमी हायेत का?"

"आहात," मी म्हटलं. ते खरं होतं. त्यांच्या प्रशिक्षणाचं अख्खं प्रकरण मी स्वतः टाइप केलं होतं.

आराखडा मंजूर झाला. निळ्या पुठ्ठ्यात बांधून आला, नारळ फुटला, पेढे वाटले. वर्क्स मॅनेजरांनी त्यांची प्रत घरी नेली, बायकोला दाखवायला.

उन्हाळ्यात एका मशीनच्या कंपनीचा माणूस ऑर्डरची खातरजमा करायला आला. त्यानं सहज विचारलं, माल उत्तरांचलच्या शेडवर थेट पाठवायचा ना? वर्क्स मॅनेजर तसेच माझ्या केबिनमध्ये आले. त्यांना वाटलं, प्लॅनिंगला ठाऊक असेल. प्लॅनिंगला काहीच ठाऊक नव्हतं.

दुसऱ्या दिवशी आराखड्याचा आढावा होता. सल्लागारही हजर होते. वर्क्स मॅनेजरांनी सरळच विचारलं, "साहेब, उत्तरांचलला शेड कुणाची बांधतोय आपण?"

धाकटे साहेब जराही गडबडले नाहीत. तिकडे करात सूट आहे, सगळेच जातायत, म्हणाले. जागा केव्हाच घेतलीये, हा कारखाना तिकडेच हलवायचा. तो घरातला निर्णय होता, सल्लागार यायच्याही आधीचा. बँकेला मात्र कर्जासाठी रीतसर आराखडा लागत होता.

"मग आम्ही वर्षभर काय केलं?"

"प्लॅनपेक्षा प्लॅनिंगची प्रक्रिया महत्त्वाची असते," धाकटे साहेब म्हणाले. "टीम म्हणून आपण किती जवळ आलो, ते बघा ना."

वर्क्स मॅनेजरांनी सल्लागारांकडे बघितलं. रिसॉर्टवर प्रश्न विचारणारा तो तरुण लॅपटॉपमध्ये काहीतरी शोधत होता. चहाच्या वेळी मी त्याला गाठलं आणि विचारलं, तुम्हाला माहीत होतं का? तो म्हणाला, तो विषय आमच्या कामाच्या कक्षेत नव्हता. वर असंही म्हणाला की आराखड्यातलं वर्क्स मॅनेजरांचं प्रकरण सगळ्यात उत्तम उतरलं होतं, बँकेलाही ते फार आवडलं.

नंतर धाकट्या साहेबांनी वर्क्स मॅनेजरांनाच भऱ्याचा कारखाना बंद करायची योजना आखायला सांगितली. मला वाटलं, ते राजीनामा तोंडावर फेकतील. पण ते हो म्हणाले. मी चिडून कारण विचारलं, तेव्हा म्हणाले, "मी नाही केलं तर दुसरा कुणीतरी करेल. त्याला ही माणसं माहीत नाहीत."

ती योजना आम्ही दोघांनी केली. रंगीत चिठ्ठ्या नाहीत, मुंबईचं कुणी नाही. कोणतं खातं आधी थांबवायचं, कुणाचा हात कशावर चांगला, कुणाच्या घरात दुसरं कमावणारं नाही. वर्क्स मॅनेजर पिरंगुट, उरवडे भागातल्या लहानमोठ्या कारखानदारांकडे जाऊन एकेकाची शिफारस करत फिरले. ही माझी माणसं आहेत, असं सांगायचे. निम्म्याहून जास्त लोकांची सोय लागली. मशीनं ट्रकवर चढली तीसुद्धा त्यांनी ठरवलेल्या क्रमानं. त्या कंपनीत लिहिल्याबरहुकूम पार पडलेली योजना मी ती एकच पाहिली, आणि ती कारखाना मोडायची होती.

शेवटच्या आठवड्यात सेक्रेटरी माझ्याकडे आला. तो भांडायला आला नव्हता.

"मॅडम, तवा तुमी म्हनला व्हता, आमी हायेत त्यात."

"होतात," मी म्हटलं.

"सायबांनी माजी सोय लावली पिरंगुटला. लई केलं त्यांनी. पर चुलत्याची जमीन हितंच ऱ्हायली की."

त्या जमिनीवर पुढं एका बिल्डरनं बंगल्यांची स्कीम काढली. मी हिंजवडीच्या एका आयटी कंपनीत लागले, पुन्हा प्लॅनिंगलाच. दुसरं काही मला येत असल्याचं माझ्या अर्जात कुठं दिसत नव्हतं. जाताना बसमधून चांदे, माणची शेतं एकेक करून पत्र्याच्या कुंपणाआड जाताना दिसायची. मी खिडकीकडे पाठ करून बसायला लागले.

दोन हजार दहाच्या सुमारास कंपनीनं मला एका चर्चासत्राला पाठवलं. वक्त्यांत आमचे धाकटे साहेब होते. विषय होता नियोजनबद्ध स्थलांतर. पडद्यावर फोटो आला, धरणाकाठचं रिसॉर्ट, रंगीत चिठ्ठ्यांची भिंत, आणि तिच्यासमोर हात वर करून बोलणारे वर्क्स मॅनेजर. धाकटे साहेब सांगत होते, लोकांना प्रक्रियेत सामील करून घेतलं की बदलाला विरोध होत नाही. टाळ्या पडल्या. प्रश्नोत्तरांत मी उठले. त्यांनी मला ओळखलं नाही.

"त्या फोटोतले गृहस्थ आता कुठे असतात?"

ते क्षणभर पडद्याकडे वळले. "ते ना, निवृत्त झाले. मजेत आहेत," म्हणाले आणि पुढचा प्रश्न घेतला.

ते निवृत्त झाले नव्हते. पिरंगुटला एका छोट्या वर्कशॉपमध्ये, पूर्वी त्यांच्याच हाताखाली असलेल्या माणसाकडे ते सुपरवायझर होते. बाहेर येऊन मी त्यांना फोन लावला आणि सगळं सांगितलं. मला हवं होतं की त्यांनी एकदा तरी शिवी द्यावी. त्यांनी ऐकून घेतलं.

"फोटोत मी बरा दिसत होतो का?" त्यांनी विचारलं.

हो म्हटलं. मागे ग्राइंडरचा आवाज होता. फाउंड्रीतून कास्टिंगची गाडी आलीये, म्हणाले, आणि फोन ठेवला. आत पुढच्या वक्त्याचं सुरू झालं होतं. मी परत गेले नाही.