झोडपलेल्या फिल्टरची खरी हकीकत

मागच्या महिन्यात नात्यातल्या एका साखरपुड्यात, पंगतीला बसल्यावर, माझ्या चिरंजीवांनी ती गोष्ट पुन्हा एकदा सांगितली. त्यांच्या गोष्टीत मी हवा शुद्ध करणाऱ्या यंत्राचा फिल्टर गच्चीवर नेऊन काठीने बडवतो, शेजारणीच्या कुरडया काळ्या होतात, आणि शेवटी चिरंजीव पुण्याहून धावत येऊन आपल्या आईचे प्राण वाचवतात. पंगत हसली. वाढपीसुद्धा हसला आणि त्या नादात माझ्या पानात भात वाढायचा राहिला. काठी होती आणि कुरडया होत्या, हे मी नाकारत नाही. बाकीचे कथन सदोष आहे. ते दुरुस्त करणे माझे कर्तव्य समजून हे लिहितो आहे.

आमचे घर शहराच्या टोकाला, हर्सूलच्या बाजूला आहे. घरासमोरचा रस्ता आधी पाण्याच्या नळासाठी खोदला, मग बुजवला, आणि बुजवताना कोणाचे काही आत राहून गेले असावे तसा पुन्हा खोदला. तेव्हापासून साधी सायकल गेली तरी तिच्यामागे वरात गेल्यासारखी धूळ उठते. पत्नीला खोकला लागला. डॉक्टरांनी तपासले, छाती चांगली आहे म्हणाले, धूळ टाळा म्हणाले. रस्ता दारात उभा असताना धूळ कशी टाळायची, ते त्यांनी सांगितले नाही.

चिरंजीवांनी तेव्हा ते यंत्र आणले. पांढरे, उभट, धान्याच्या कोठीएवढे. त्याच्या कपाळावर दिवा: हवा चांगली तर हिरवा, वाईट तर लाल. शिवाय एक आकडा, आणि तो आकडा चिरंजीवांना पुण्यात बसल्या जागी मोबाईलवर दिसतो. माझ्या घरातली हवा मला नाकाने कळते; त्यांना ती बोटाने कळते.

निघताना ते माझ्यादेखत आईला म्हणाले, "आई, आकडा सुधारला नाही तर मी गाडी घेऊन येतो. रस्ता होईपर्यंत तू पुण्याला राहायचं."

"आन् हे?" पत्नीने माझ्याकडे हनुवटी करून विचारले.

"बाबांना काय झालंय? त्यांना कुठे खोकला आहे?"

हे वाक्य मी विसरलेलो नाही. 'रस्ता होईपर्यंत' म्हणजे कधीपर्यंत, हे या शहरात राहणाऱ्याला समजावून सांगायला नको. नातेवाइकांचे म्हणणे असे की, पत्नी गेली तर माझे जेवणाचे हाल होतील. ते खोटे आहे. मला वरण-भात येतो, भाकरीही येते. फक्त ती गोल होत नाही आणि तिने गोल असावे असा काही नियम नाही. आमच्या घरात सकाळचा पहिला वाद चहाच्या आधी सुरू होतो आणि लग्नापासून त्यात खंड पडलेला नाही. पत्नी पुण्याला गेल्यावर तो मी कोणाशी घालायचा? माझी अडचण एवढीच होती, आणि ती लहान नव्हती.

आता फिल्टरविषयी. यंत्राच्या पोटात बारीक बारीक घड्या घातलेल्या कागदासारखा एक पदार्थ असतो, पण तो कागद नव्हे. त्याभोवती प्लास्टिकची चौकट, आणि दोघांना घट्ट धरून ठेवणारा डिंक. हवा त्यातून जाते, धूळ अडकते. आमच्याकडे तो इतक्या लवकर काळवंडला की यंत्राने चिरंजीवांकडे तक्रार केली, माझ्याकडे नव्हे. चिरंजीवांनी नवा पाठवला. तो खोक्यात, खोक्याच्या आत थर्माकोल, थर्माकोलच्या आत पिशवी, पिशवीच्या आत आणखी एक पिशवी, आणि सगळ्यांच्या आत फिल्टर. नवरीला एवढे पदर नसतात. पुढे तोही काळवंडला, मग आणखी एक आला.

जुन्यांचे काय करायचे? घंटागाडीवरच्या बाईंनी विचारले, "काका, ओला की सुका?" मी म्हणालो, "धुळीचा." त्यांनी तो हातात घेऊन उलटसुलट केला आणि माझ्याच हातात परत दिला. भंगारवाल्याने तर त्याला बोटसुद्धा लावले नाही. "चाचा, इसमें लोहा नहीं, रद्दी नहीं. प्लास्टिक है तो उसकू भी गोंद लगा हुआ. ये कुछ भी नहीं है चाचा." माझ्या मते त्या वस्तूचे याहून नेमके वर्णन होणार नाही.

फोनवर चिरंजीवांशी चर्चा झाली.

"बाबा, टाकून द्या ना."

"कुठे?"

"कचऱ्यात."

"कचरा कुठे जातो?"

"जातो कुठेतरी. महापालिका बघेल."

"ते कुठेतरी म्हणजे कोणाचे तरी गाव असते."

"बाबा, मी मीटिंगमध्ये आहे."

माझे म्हणणे आजही तेच आहे. धूळ आमच्या रस्त्याची. ती खोलीतून काढायची, प्लास्टिकच्या चौकटीत बसवायची आणि गाडीत घालून दुसऱ्या गावाच्या शिवेवर नेऊन टाकायची. तिथे ऊन लागते, वारा लागतो, घड्या सुटतात आणि धूळ मोकळी होते. शिवाय तिच्यासोबत चौकट जाते, डिंक जातो, आणि ती दोन्ही आमच्या पणतवंडांपेक्षा जास्त जगतात. आमच्या झोपण्याच्या खोलीपुरती हवा चांगली व्हावी म्हणून एवढा खटाटोप. यालाच हवा शुद्ध करणे म्हणायचे असेल, तर केर शेजाऱ्याच्या दारात लोटणाऱ्या सूनबाईला आपण इतकी वर्षे उगाच नावे ठेवली.

म्हणून मी जुने फिल्टर दिवाणाखाली रचून ठेवू लागलो. आणि एके सकाळी, आणखी एक फिल्टर काळा पडल्यावर, नवा मागवायचा नाही असे ठरवले.

आम्ही मूळचे मेंढपाळ. माझ्या वडिलांचे घोंगडे आजोबांनी वापरलेले होते. घोंगडे कोणी धूत नाही आणि टाकून तर मुळीच देत नाही. कडक उन्हात पसरायचे, काठीने दोन्ही अंगांनी झोडपायचे, वाऱ्याच्या दिशेने झटकायचे. घोंगडे पुन्हा पहिल्यासारखे. नोकरीची सगळी वर्षे मी वाळूजच्या एका कारखान्यात रंगकामाच्या विभागात काढली. तिथेही हवा गाळायच्या जाळ्या उलट बाजूने हवा मारून साफ करत आणि पुन्हा बसवत. म्हणजे घराणे आणि नोकरी या दोन्हींची शिकवण एकच होती. फिल्टरवर 'धुऊ नये' असे छापलेले होते, आणि ती सूचना मी तंतोतंत पाळली. 'झोडपू नये' असे कुठेही छापलेले नव्हते.

गच्चीवर मी तो कठड्याला टेकवला आणि माफक जोराने झोडपला. जी धूळ निघाली ती पाहून समाधान वाटले. तेवढ्यात शेजारच्या गच्चीवरून वहिनींचा आवाज आला. त्या बाजेवर कुरडया वाळत घालत होत्या.

"भाऊजी, काय झोडपायलात? मला वाटलं साप निघाला."

"फिल्टर आहे. धूळ काढतो आहे."

"काढा की. पर ती चालली कुठं ते बी बघा."

मी पाहिले. ती बाजेकडे चालली होती. "वारा तिकडचा आहे, वहिनी. त्याला माझा इलाज नाही."

"वाऱ्याच्या हातात काठी मी दिलती व्हय?"

चिरंजीवांच्या गोष्टीत कुरडया काळ्या होतात. कुरडया काळ्या झाल्या नाहीत, करड्या झाल्या. आणि वाळत घातलेली कुरडई दिसायला कशीही असली तरी तळल्यावर फुलून पांढरी होते, हे मी वहिनींना सांगितले. त्यांनी खाली जाऊन लगेच तळून आणली आणि माझ्यापुढे धरली.

"खा."

मी खाल्ली.

"कचकच लागतीया का नाय?"

"कुरडई कुरकुरीतच असते."

"भाऊजी, कुरकुर येगळी, कचकच येगळी."

हा भेद मला त्या वेळी मान्य नव्हता. आता आहे, पण त्यातून माझाच मुद्दा सिद्ध होतो: फिल्टरमधली धूळ संपत नाही, फक्त मुक्काम बदलते. मी तिला कुरडयांवर पाठवली, चिरंजीव तिला दुसऱ्याच्या गावी पाठवत होते. माझा गुन्हा निदान डोळ्यांपुढे होता आणि तो मला खावाही लागला.

झोडपलेला फिल्टर मी यंत्रात बसवला, आणि दुसऱ्या दिवशी दिवा हिरवा झाला. पुढेही हिरवाच राहिला. चिरंजीवांचा फोन आला. "बाबा, आकडा एकदम महाबळेश्वरचा आलाय. नवा फिल्टर तर मी पाठवलाच नाही." मी त्यांना घोंगड्याचे शास्त्र समजावून सांगितले. "बरं बाबा," म्हणून त्यांनी फोन ठेवला. हा त्यांनी मानलेला पराभव आहे, असे मी समजलो.

मात्र पत्नीचा खोकला होता तिथेच होता. याकडे मी लक्ष दिले नाही असे चिरंजीव सांगतात. लक्ष होते, पण दिवा हिरवा असताना खोकायचे म्हणजे यंत्राचा अपमान आहे, असे मी तिला एकदा गमतीने म्हणालो होतो, एवढेच.

एका दुपारी चिरंजीव न कळवता गाडी घेऊन दारात उभे राहिले. आदल्या दिवशी आईने फोनवर बोलता बोलता मिरच्यांची फोडणी दिली होती; फोनमध्ये आम्ही दोघेही शिंकत होतो आणि त्यांच्या मोबाईलवरचा आकडा तसूभरही हलला नव्हता. ते थेट झोपण्याच्या खोलीत गेले आणि थबकले.

"हे काय आहे?"

यंत्राला खोळ घातलेली होती. जुन्या पडद्याच्या जाड कापडाची, खाली झालर, पुढे मोर, आणि दिवा दिसावा म्हणून मोराच्या डोळ्याला भोक. आमच्या घरात टीव्हीला खोळ आहे, मिक्सरला आहे, फ्रिजच्या दांडीला आहे, शिलाई यंत्राला तर दोन आहेत, एक रोजची आणि एक पाहुण्यांसाठी. तेव्हा नव्या यंत्राला का नाही, असे पत्नीला वाटले. मी गच्चीवरून फिल्टर आणला त्याच दिवशी तिने ती घातली होती.

"आई, अगं हे धूळ ओढायचं मशीन आहे. त्याला खोळ कशाला?"

"धूळ बसतीया त्याच्यावर," पत्नी म्हणाली. "एवढं पांढरं हाय. लई घाण दिसतंय मग."

चिरंजीवांनी खोळ काढली. आपलीच हवा आपणच पुन्हा पुन्हा गाळत बसलेल्या त्या यंत्राला बाहेरची हवा लागली आणि दिवा पाहता पाहता लाल झाला. त्यांनी फिल्टर ओढून उजेडात धरला. तो 'चाळण' झाला होता, असे ते पंगतीत सांगतात. काही घड्या सुटल्या होत्या. चाळणीला याहून कितीतरी जास्त भोके असतात. शिवाय खोळ आणि झोडपणे एकाच दिवशी झाले असताना हिरव्या दिव्याचे सगळे श्रेय खोळीला कोणत्या न्यायाने देतात, हे मला अजून कळलेले नाही.

"खोळ घातली की दिवा हिरवा राहतो, हे तुला माहीत होतं ना, आई?" चिरंजीवांनी विचारले.

"मला काय कळतंय बाबा मशीनमधलं," असे म्हणून ती खोळीची घडी घालू लागली. ती घडी तिने फार सावकाश घातली. त्यावर माझे काही म्हणणे नाही.

यानंतर कूलरचा प्रसंग येतो, आणि इथे आवृत्त्या सर्वांत जास्त आहेत. आमचा कूलर लोखंडी आहे, मी उभे राहून वेल्डरकडून बनवून घेतलेला, आणि तो झोपण्याच्या खोलीच्या रस्त्याकडच्या खिडकीत बसत असे. तो सुरू झाला की खोलीतले कॅलेंडर भिंतीवर आडवे होते. म्हणजे एका खिडकीतून कूलर अख्खा रस्ता आत ओढत होता आणि कोपऱ्यातले यंत्र तो एकेक कण वेचत होते. फिल्टर टिकणार कसा? कूलर मागच्या खिडकीत न्यावा, हे आपल्याला त्या दुपारी सुचले असे चिरंजीव म्हणतात. पत्नी म्हणते, ती होळीपासून हेच सांगत होती आणि मीच विरोध करत होतो. विरोध केला हे खरे आहे. पण त्याचा अर्थच असा की तो विचार होळीपासून माझ्याच डोक्यात चालू होता. ज्याचा विचार केला नाही त्याला माणूस विरोध करील कसा?

कूलर मागे नेला. तिकडे गल्ली आहे, कडुनिंब आहे, आणि कूलरच्या आवाजाने आपली दुपारची झोप मोडते अशी वहिनींची नवी तक्रार आहे. चिरंजीव दोन दिवस राहिले. यंत्रात शेवटचा म्हणून एक नवा फिल्टर बसवला, खोळ न घालता. दिवा कधी पिवळा, कधी हिरवा. फोडणीला प्रामाणिकपणे लाल. पत्नीचा खोकला पहिल्या दिवशी थोडा कमी झाला, दुसऱ्या दिवशी आणखी. तो फिल्टर अजून चालू आहे.

निघण्याच्या सकाळी चिरंजीवांनी गाडीची मागची सीट पुसून उशी ठेवली आणि आईला म्हणाले, "तरी चल. थोडे दिवस."

मी पेपर वाचत होतो. त्यातली एकही ओळ मला आठवत नाही.

"नाय रे," पत्नी म्हणाली. "तिथं समदी माझ्याशी लई गोड बोलतात. मला करमत नाय."

मी पेपर खाली ठेवला आणि दिवाणाखालून जुने फिल्टर बाहेर काढले. जमिनीवर ठेवले तर स्टुलाएवढी उतरंड झाली. "हे तू पाठवलेस," मी चिरंजीवांना म्हणालो. "इथे यांना कोणी घेत नाही. तुझ्या पुण्यात घेणारा असेल तर त्याला दे, नसेल तर तुझ्या दिवाणाखाली ठेव."

"बाबा, गाडीत कुठे ठेवू?"

"मागची सीट रिकामी आहे," पत्नी म्हणाली.

त्यांनी ते तिथे नीट रचले आणि वळणावर पडू नयेत म्हणून सीटबेल्ट लावला. पत्नीने उशी काढून घेतली. गाडी धूळ उडवत गेली; आम्ही दोघे तोंडावर पदर आणि रुमाल धरून ती बसेपर्यंत उभे राहिलो. पुण्यात त्या फिल्टरांचे काय झाले, हे मी दर रविवारी फोनवर विचारतो, आणि दर रविवारी चिरंजीवांची मीटिंग असते.